दुसऱ्याचा भाऊ असता तर

सारंग, हे तुम्हाला लिहितो आहे. घरी आम्ही तुम्हाला आप्पा म्हणत असू. पण ज्या गोष्टीविषयी लिहायचे आहे ती बोटीवर घडली, आणि बोटीवर तुम्हाला आप्पा म्हणण्याची मला परवानगी नव्हती. लिहून देणाऱ्याचे नाव तुम्हीच ठेवलेले आहे, ते पुन्हा सांगत नाही. वय वर्षे त्र्याहत्तर. शिक्षण मराठी चौथी, वर्गात पहिला नंबर. धंदा खलाशाचा, अखेरची काही वर्षे तुमच्याप्रमाणेच सारंग, म्हणजे बोटीवरच्या सर्व खलाशांचा प्रमुख. आता निवृत्त. मुक्काम रॉटरडॅम, मुलीच्या घरी. पूर्ण शुद्धीत आहे आणि कोणाच्याही दडपणाखाली लिहीत नाही. हे सारे अशा रीतीने मांडण्याचे कारण तुम्हाला ठाऊक आहे. त्या दिवशी कप्तानाच्या केबिनमध्ये चौकशी झाली तेव्हा मी दाराशी उभा होतो, खालचा दोर माझ्याच हातात होता, आणि तरीही मला कोणी काही विचारले नाही. सर्वांच्या वतीने सारंगाने बोलायचे, ही रीत होती. तुम्ही बोललात. माझी जबानी राहून गेली, ती आता देतो आहे.

तुमची नात, म्हणजे माझी मुलगी, येथे बंदराच्या एका कंपनीत संगणकाचे काम करते. जावई रोज आगगाडीने बेस्ट नावाच्या गावी जातो. त्यांना एक मुलगी आहे; ती माझे मराठी समजते आणि उत्तर इंग्रजीत किंवा डचमध्ये देते. मी तिला म्हणतो, मला समजेल असे बोल, तर ती थांबून, शब्द वेचून मराठी बोलते, आणि ते ऐकताना मला तिची दयाही येते आणि रागही येतो. घर नदीपासून जवळ आहे. स्वयंपाकघराच्या खिडकीतून मालाच्या बोटी दिसतात. डेकवर माणूस दिसत नाही. पेट्याच पेट्या. या नदीच्या मुखाशी एका हिवाळ्यात आपली बोट नांगर टाकून उभी होती, हे मी मुलीला कधी सांगितले नव्हते. तिला एवढेच सांगितले होते की तुझे काकाआजोबा या देशात उतरले, त्यांना येथे आवडले आणि ते राहिले. तुमच्या धाकट्या भावाविषयी, माझ्या काकाविषयी, तुम्ही काकूला जे सांगितलेत तेच मी पुढे सांगितले.

मुलीने कादंबरी लिहिली आहे. मराठीत. या देशाच्या उत्तरेला एका बेटावर घरांपुढे देवमाशाच्या जबड्याच्या हाडांचे कुंपण आहे. लग्नानंतरच्या पहिल्या उन्हाळ्यात तिने ते पाहिले आणि तेव्हापासून तिच्या डोक्यात ते बसले. जुन्या काळी येथली माणसे शिडाची जहाजे घेऊन बर्फाच्या समुद्रात देवमासे मारायला जात. ती इथल्या लायब्ररीतून पुस्तके आणून वाचत असे, आणि शनिवार-रविवारी लिहीत असे. पूर्ण झाल्यावर तिने सारी पाने छापून माझ्यापुढे ठेवली आणि म्हणाली, "बाबा, जहाजावरचं तुमच्याइतकं कुणाला कळणार? वाचा. सोमवारी पुण्याला प्रकाशकांकडे पाठवायचंय." वर अर्पणपत्रिकेचे पान होते. त्यावर लिहिले होते: आजोबांस, ज्यांनी बोटीवर आपला आणि परका असा भेद कधी केला नाही.

हे वाक्य माझे आहे, सारंग. ती लहान असल्यापासून मी तिला हेच सांगत आलो. गावात कोणी तुमचा विषय काढला की मी छाती पुढे करून हेच म्हणत असे. खाडीकाठच्या आपल्या गावांतून तुम्ही माणसे निवडून बोटीवर नेत होतात. त्यांत भाऊ होता, मुलगा होता, मेहुणे होते. बोटीच्या शिडीवर पाय ठेवला की नाती संपली. तुम्हाला सर्वांनी सारंग म्हणायचे, तुम्ही सर्वांना त्यांच्या कामाच्या नावाने हाक मारायची. चहा सर्वांना सारखा, पाळी सर्वांना सारखी. मी पहिल्याच सफरीत चुकून आप्पा म्हणालो तेव्हा तुम्ही सर्वांसमक्ष विचारलेत, "कोण आप्पा? इथं तुझा आप्पा कोण नाय. आप्पा खाडीवर ऱ्हायला." खलाशी हसले. काका सर्वांत मोठ्याने हसला, आणि नंतर मला बाजूला घेऊन म्हणाला, "मी तर त्याच्या पाठीवरनं जत्रेला गेलेला माणूस. माझी काय दशा झाली असंल, विचार कर." त्या वेळी मला तुमचा अभिमान वाटला. न्यायी माणूस असाच असतो असे मला वाटले.

मी सकाळी न्याहारी झाल्यावर वाचायला बसत असे. मला मनातल्या मनात वाचता येत नाही. आमच्या मास्तरांनी मोठ्याने वाचायला शिकवले. मुलगी म्हणाली, "बाबा, जरा हळू. शेजारच्या बाई विचारत होत्या, तुमच्याकडे रोज पूजा असते का." मी म्हटले, "त्यांना सांग, असते." कादंबरी काळीकुट्ट आहे. देवमाशाची चरबी कढईत उकळते, तिचा धूर शिडांना चिकटतो, डेकवर रक्त गोठते आणि त्यावर माणसे राख टाकून चालतात. पुण्यात बसून वाचणाऱ्यांना हे सोसेल की नाही याची मला शंका वाटली. पण दोर, गाठी, वारा, थंडीत बोटांची होणारी लाकडे, हे सर्व तिने यथायोग्य लिहिले आहे. मी हे तिला बोलून दाखवले नाही. दोन शब्द दुरुस्त केले, एवढेच.

त्या जहाजावर एक माणूस आहे, आपल्या भाषेत त्याला सारंगच म्हणावे लागेल. त्याचा धाकटा भाऊ त्याच्या हाताखाली आहे. तेथेही तोच नियम, जहाजावर कोणी कोणाचा भाऊ नाही. एके दिवशी धाकटा भाऊ बर्फावर उतरतो आणि धुके येते. वारा फिरलेला असतो आणि जहाज निघण्याच्या बेतात असते. तेवढ्यात दुरून हाक ऐकू येते. कप्तान म्हातारा आहे, त्याला कमी ऐकू येते. तो विचारतो, हा आवाज कसला? आणि सारंग म्हणतो, पक्षी आहे. त्याच्याखाली मुलीने लिहिले आहे: दुसऱ्याचा भाऊ असता तर त्याने शीड उतरवायला लावले असते.

मी तेथे थांबलो. मुलगी ओट्याशी पोह्यांना कांदा चिरत होती. सुट्टीचा दिवस होता, सर्वजण घरात होते. आवाज थांबल्याचे तिच्या लक्षात आले.

"काय झालं? चुकलंय का काही?"

"हे तुला कोणी सांगितले?"

"कुणी नाही. सुचलं."

"असे सुचत नाही."

तिने सुरी ठेवली. "काकूआजी एकदा म्हणाली होती, बोटीवर काकाआजोबा आजोबांना दादा म्हणू शकत नसत. तेवढंच डोक्यात होतं. बाकी मी रचलंय, बाबा. रचलंय ना?"

तर आता ऐका, सारंग. मी त्यांना जे सांगितले ते तुमच्या तोंडावर सांगतो.

थंडी अशी होती की शिडीचे लोखंड हाताला चिकटत होते. आपण नदीच्या मुखाशी धक्का मिळण्याची वाट पाहत उभे होतो. डोलकाठीवरची कप्पी गोठून अडकली होती आणि ती सोडवण्यासाठी कोणीतरी वर जायला हवे होते. पाळी काकाची होती. त्याला आदल्या दिवसापासून ताप होता, हात सुजले होते, हे तुम्हाला माहीत होते. मीच तुम्हाला सांगितले होते. मी म्हणालो, "सारंग, काकाला ताप आहे, त्याच्याऐवजी मी जातो." तुम्ही म्हणालात, "कसला काका? ज्याची पाळी तो जाईल. आज त्याला सोडला तर उद्या सगळ्यांना सोडावा लागंल." मालम साहेब, कप्तानाच्या हाताखालचा तो गोरा अधिकारी, तेथेच उभा होता. काका पुढे आला. खलाशाने साहेबाशी थेट बोलायचे नाही, सारंगामार्फत बोलायचे, हा नियम त्याने तेव्हाही पाळला. तो तुमच्याशी बोलला. पण सारंग म्हणाला नाही. तो म्हणाला, "दादा, आज नको रे धाडू. हाताला पकड नाय."

मालम साहेबाला आपली भाषा कळत नव्हती. मोडके हिंदुस्थानी तेवढे येत होते. त्याने तुम्हाला विचारले, "क्या बोलता है?"

तुम्ही म्हणालात, "बोलता है आदमी तैयार है, साब."

हे वाक्य मी आयुष्यभर ऐकत आलो आहे. तुमचा आवाज चढलेला नव्हता. तुम्ही काकाकडे पाहिलेही नाहीत. सर्वांसमक्ष त्याने तुम्हाला दादा म्हटले, आता जर त्याला सोडले तर सारंग भावाला सोडतो असे होईल, एवढाच हिशेब तुम्ही त्या क्षणी केलात. तेथे दुसरा कोणताही खलाशी असता तर तुम्ही साहेबाला म्हणाला असतात, बीमार है, साब. मी तुम्हाला तसे म्हणताना कितीदा ऐकले होते. भटारखान्यातला माणूस पोटदुखीने वाकला तेव्हा तुम्ही त्याला स्वतः जाऊन निजवलेत. परक्यांवर तुम्ही दया करीत होतात, कारण ती दया आहे हे सर्वांना दिसत असे. आपल्या माणसावर केली असती तर लोकांना ते लागेबांधे दिसले असते, आणि लोकांना काय दिसते याची तुम्हाला फार काळजी होती.

काका वर गेला. खालचा दोर मी धरला होता. कप्पी सुटली. त्यानंतर हात सुटले.

तो डेकवर पडला तेव्हा शुद्धीत होता, कमरेखाली हलत नव्हता. किनाऱ्यावरून लाँच आली, तीत डॉक्टर होता. स्ट्रेचर उचलले तेव्हा त्याने मान वळवून तुम्हाला शोधले आणि सर्वांना ऐकू जाईल असे म्हणाला, "येतो, सारंग." मी त्याच्या तोंडून सारंग हा शब्द शेकडो वेळा ऐकला होता, दर वेळी त्यात थोडी थट्टा असे. त्या वेळी नव्हती. मग तुम्ही सर्वांना नाळेकडे, बोटीच्या पुढच्या टोकाला, कामाला पिटाळलेत आणि मला काकाचे गाठोडे आणायला पाठवलेत.

चौकशीत तुम्ही म्हणालात, पाँव फिसला, साब. मालम साहेबाच्या कानी डॉक्टरने घातले होते की माणूस तापाने फणफणला आहे. तो तुम्हाला म्हणाला, "सारंग, बीमार था तो बोला क्यों नहीं? धक्का कल मिलता है. काम कल होता." मग त्याने विचारले, "तुम्हारा क्या लगता है?" तुम्ही म्हणालात, "कोई नहीं, साब. खलासी." साहेबाला तर नात्यागोत्याचे काहीच वाटणार नव्हते, सारंग. तो एका शब्दाने थांबला असता. ज्याच्या डोळ्यांत तुम्ही न्यायी दिसू पाहत होतात, त्याला तो न्याय मूर्खपणा वाटला. मी दाराशी उभा राहून त्याचा चेहरा पाहिला आहे.

आपण माल उतरवला, माल भरला आणि निघालो. इस्पितळात कोणी गेले नाही. पुढे एकदा आपली बोट पुन्हा या बंदरात आली तेव्हा मी म्हणालो, मी जाऊन विचारून येतो. तुम्ही म्हणालात, "रंगकाम पडलंय. पुढल्या खेपेला बघू." त्यानंतर पुढली खेप आली नाही. माझ्या स्वतःच्या बोटी सर्व पूर्वेकडच्या होत्या. काका त्या इस्पितळात किती दिवस जगला, जगला की नाही, त्याला पुरले की जाळले, हे मला आजही माहीत नाही. मुलगी म्हणाली, "आपण शोधू या, बाबा, इथं सगळ्याची नोंद असते." तिने शोधावे. मी तिला अडवणार नाही.

पण याहून मोठी गोष्ट तुम्ही घरी येऊन केलीत. काकूने विचारले, "भावजी, हे कुठं?" तुम्ही म्हणालात, तो तिकडंच ऱ्हायला. तुम्ही खोटे बोललात असेही कोणाला म्हणता येणार नाही, इतके ते वाक्य तुम्ही जपून केले होते. बाकीचे गावाने भरले. माणूस तिकडे राहिला म्हणजे मडम केली असणार. पाणवठ्यावर बायका काकूला विचारीत, "काय गो, तुझी सवत गोरी आहे म्हणतात, आंबोळ्या करता येतात का तिला?" तुम्ही ओटीवर बसून ते ऐकत होतात. त्या सफरीच्या परतीच्या वाटेवर तुम्हाला जो खोकला लागला तो कधी गेला नाही. तुम्ही खोकत राहिलात आणि बोलला नाहीत. माणूस राहिला आणि त्याचे गाठोडे परत आले, हे काकूला दिसत नव्हते असे तुम्हाला वाटते काय? तिने ते गाठोडे सोडले नाही. तसेच फडताळात ठेवले. तुम्ही सुट्टीवर आलात की ती उंबऱ्यापाशी येऊन विचारी, काही कळले का, आणि तुम्ही म्हणत होतात, विचारतो. तुम्ही गेल्यावर ती मला विचारू लागली. तुमच्या पश्चात घरातला मोठा मी होतो. तुमचे वाक्य मोडायचे तर आधी तुम्हाला मोडावे लागले असते, आणि तुम्ही भिंतीवर हार घालून बसला होतात.

काकू गेली तेव्हा बायकांनी तिला हिरवे नेसवले, मळवट भरला, ओटी भरली. सवाष्ण म्हणून तिला नेली. कोणीतरी म्हणाले, भाग्याची. मी खांदा दिला आणि मान खाली घातली. आयुष्यभर जिला नवऱ्याने टाकलेली म्हणून हिणवले, तिला मेल्यावर भाग्याची म्हणाले, आणि दोन्ही खोटे होते.

मी सांगून संपवले तेव्हा पोहे गार झाले होते. प्रथम नात बोलली. "पण आजोबा, त्या साहेबांना हिंदी यायचं ना? देन व्हाय काकाआजोबा स्वतः त्यांना का नाही बोलले?"

"तसे बोलायचे नसते. सारंगामार्फत बोलायचे."

"मरणार असलं तरी?"

"तरी."

"दॅट्स सो स्टुपिड."

जावई तिला म्हणाला, "अगं, आजोबांशी असं बोलतात का?"

मी म्हटले, "बोलू दे. तिचे बरोबर आहे." माझ्या उभ्या आयुष्यात या घराण्याविषयी असे कोणी माझ्यासमोर बोलले नव्हते, आणि मी ऐकून घेतले. नंतर मुलीने ते पहिले पान गठ्ठ्यातून बाजूला काढले. तिचे डोळे लाल झाले होते, कांद्याने म्हणा. तिने विचारले, "मग इथं काय लिहू? कोरं सोडू?"

मी म्हटले, "काकूला दे."

"काकूआजीला? काय लिहू?"

"काकूआजीस, जिला कोणी सांगितले नाही. एवढे पुरे."

तिने ते माझ्याच हाताने लिहून घेतले. सोमवारी पुस्तक पुण्याला गेले. तुमचे नाव त्यात कोठेही नाही, सारंग. ज्याने आपला आणि परका भेद केला नाही असे तुमच्याविषयी आता कोणी छापणार नाही, आणि यापुढे मीही कोणापुढे म्हणणार नाही.

हे पत्र पाठवायचे कोठे? लिहून झाले की मी ते घडी घालून माझ्या पेटीत ठेवीन. पण जबानी पुरी द्यायची असते, म्हणून एक गोष्ट राहिली आहे ती लिहितो. सर्व ऐकून झाल्यावर मुलीने मला विचारले, "आजोबांनी काहीच केलं नाही? काही म्हणजे काहीच?" मी म्हणालो, "नाही. काहीच नाही."

मी गाठोडे घेऊन वर आलो तेव्हा डेकवर कोणी नव्हते. तुम्ही शिडीने खाली लाँचमध्ये उतरला होतात. मी विंचच्या, माल उचलायच्या यंत्राच्या, आडून पाहिले. तुम्ही अंगातला कोट काढलात, काकावर घातलात, आणि लहान मुलाला पांघरूण घालतात तसा त्याच्या पायांखाली दोन्ही बाजूंनी खोचलात. मग नुसत्या सदऱ्यावर वर आलात. लाँच गेली. गाठोडे माझ्या हातातच राहिले. मुंबईपर्यंत तुम्ही दुसरा कोट कोणाकडेही मागितला नाहीत, आणि तुमचा कोट कोठे गेला हे विचारण्याची कोणाची छाती झाली नाही. तुमचा खोकला कोठून आला हे मला ठाऊक आहे. मी ते त्यांना सांगितले नाही. सांगितले असते तर त्यांना तुमची दया आली असती, आणि ती त्यांना येऊ नये असे मला वाटले.

वरील सर्व सांगितले तेव्हा हजर: माझी मुलगी, जावई आणि नात. कोटाच्या गोष्टीला साक्षीदार मी एकटा. तुम्ही मला पाहिले नव्हते, आप्पा.